चाळीस छातीचा शर्ट

माझ्या भावाने काही केलं, असं कुणीच म्हणत नव्हतं. तो पुढे काहीतरी करेल असं एका साहेबाला वाटलं आणि त्या वाटण्यावर त्याला वर्षभरासाठी आत टाकलं. भाऊ लाउडस्पीकर दुरुस्त करायचा. कारखान्यातून काढलेल्या कामगारांच्या सभेला त्याने आपला लाउडस्पीकर दिला, तोही फुकट. फुकट दिला हेच जास्त अंगाशी आलं असावं.

आम्ही शिंपी. दुकान मी चालवते, पण खरे हाडाचे शिंपी बाबा. त्यांची नजर गेलेली, हृदय थकलेलं, सगळा दिवस खाटेवर. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, वर्ष काढलं तरी खूप. म्हणून मला घाई होती. कोर्टाला नव्हती.

"अटकेला आव्हान दिलंय, ताई," वकीलबाई म्हणाल्या. "असे अर्ज सगळ्यांच्या आधी घेतात."

पहिल्या तारखेला सरकारी वकिलांनी उत्तर द्यायला वेळ मागितला. दुसऱ्या तारखेला उत्तर आलं, पण त्याला जोडायचे कागद ऑफिसात राहिले. तिसऱ्या वेळी आमचा नंबर एकतिसावा होता आणि कोर्ट सव्विसाव्यावर उठलं. मग सुट्ट्या लागल्या. सुट्ट्यांनंतर न्यायाधीश बदलले, आणि नव्यांना सगळं पहिल्यापासून वाचायचं होतं. बरं, सगळे माझ्याशी इतकं गोड बोलायचे की भांडायचीही सोय नव्हती.

सुटेल त्या दिवशी पोराने नवा शर्ट घालून घरात पाऊल टाकायचं, असा बाबांचा हट्ट. मी निळा शर्ट शिवला, छाती चाळीस. दर तारखेला मी तो इस्त्री करून पिशवीत घालून न्यायची आणि संध्याकाळी परत आणून बाबांच्या खाटेजवळच्या खुंटीला लावायची.

तुरुंगात महिन्यातून एकदा भेट मिळायची, जाळीपलीकडून. जाळीतून टेप लावता येत नाही, पण शिंप्याच्या लेकीला नजरेने माप कळतं. पहिल्या भेटीत तो एकोणचाळीस झाला होता. मी दुकानात नेऊन शर्ट बाजूंनी आत घेतला. जुनी टीप उसवली, पण कापड कापलं नाही, आतच दाबलं. पुढच्या भेटीनंतर पुन्हा. असं करत दहाव्या महिन्यात छत्तीसवर आलो.

"माप काय पोराचं?" बाबा विचारायचे.

"चाळीसच."

"जेवतोय ना?"

"फुकटचं मिळतंय, सोडतोय होय!"

बाबा हसायचे. पुढे पुढे म्हणायला लागले, "चार सुया ओवून ठेव गं. हाताला चाळा हवा." मी दोरा ओवून सुया उशीत खोचून ठेवायची आणि दुकानात पळायची. जुन्या चिंध्या जोडत बसत असतील, असं मी धरून चालले होते.

अकराव्या महिन्यात, एका शनिवारी, बाबा गेले. आदल्या दिवशी त्यांनी तारीख विचारली होती. सोमवार, मी सांगितलं. "या सोमवारी होईल बघ," म्हणाले. भावाला निदान चेहरा पाहायला सोडा, म्हणून आम्ही त्याच दिवशी अर्ज केला. तो पाचव्या दिवशी पुढे आला. तोवर सगळं उरकलं होतं. आणि सोमवारी पुढची तारीख मिळाली होती.

त्यानंतर मी शर्ट खुंटीवरून काढला आणि न बघताच पिशवीत कोंबला.

वर्ष भरलं त्या सकाळी भाऊ फाटकातून बाहेर आला. कुणी सोडवलं नाही, मुदत संपली एवढंच. त्याने तिथेच उभ्या उभ्या शर्ट घातला, तर तो अंगावर लोंबायला लागला. माझं माप चुकलं? माझं? मी शर्टाची बाजू उलटून पाहिली. माझी मशीनची टीप उसवलेली होती. तिच्या बाहेरून, अगदी चाळीसच्या रेषेवर, हातशिलाईचे वाकडेतिकडे टाके होते, जागोजागी गाठी मारलेले. बोटांनी चाचपून घातलेले. म्हणजे बाबांना सगळं कळलं होतं आणि तरीही शेवटपर्यंत ते मला माप विचारत राहिले. हे टाके बाबांचे, एवढंच मी भावाला सांगितलं आणि त्याची कॉलर सरळ केली.

दोन दिवसांनी आमची तारीख होती. त्या दिवशी आमचा नंबर चौथा.

"सुटला ना हा? मग आता ठरवायचं काय उरलं?" न्यायाधीशांनी विचारलं आणि फाइल बंद केली. दोन मिनिटंही लागली नाहीत.

भाऊ तोच शर्ट घालून मागे उभा होता. "साहेब, मला आत टाकलं ते बरोबर होतं की चूक, एवढं तरी सांगा..."

वकीलबाईंनी त्याची बाही ओढली. शिपायाने पाचवा नंबर पुकारला.

घरी आल्यावर मी कात्री घेतली. "काढ तो शर्ट. बुजगावणं दिसतोस. आत घेते."

त्याने दोन्ही हातांनी शर्टाच्या बाजू धरून ठेवल्या.

"राहू दे, ताई," तो म्हणाला. "वर्षभरात माझ्याबद्दल कुणी नीट विचार करून ठरवलेलं एवढंच आहे."