बाराव्या पट्टीवर नाव नाही

मित्रांनो, मी एक जुनी ढाल आहे, पण माझ्यावर आजवर एकही वार झालेला नाही. मी लढाईची नाही, बक्षिसाची आहे. सांगलीच्या एका कॉलेजात, रसायनशास्त्र विभागाच्या जिन्याजवळ, बंद पडलेल्या घड्याळाखाली माझा खिळा आहे. त्या खिळ्यावर मी फक्त जानेवारीत असते. मी फिरती ढाल आहे. बाकीचे अकरा महिने मी कुणाच्या तरी घरी राहते.

माझ्या अंगावर छोट्या पितळी पट्ट्या आहेत. एका पट्टीवर एक नाव. माझी गोष्ट मी त्या पट्ट्यांच्या क्रमाने सांगणार आहे. एका पट्टीपाशी मला थांबावं लागेल. तिथे तुम्हीही थांबा.

आधी लाकूड

माझी फळी बैलगाडीची आहे. त्या गाडीने इस्लामपूरच्या बाजूला बावीस हंगाम ऊस वाहिला. पुढे ट्रॅक्टर आले, गाडी मोडली आणि तिच्या फळ्या कुपवाडला रायगोंडा यांच्या कारखान्यात सामान ठेवायला आल्या. एवढं लक्षात ठेवा, की ऊस मला पुस्तकातून नाही, पाठीवरून माहीत आहे.

मग पितळ

रायगोंडा पंपाचे सुटे भाग ओतायचे. त्यांच्याकडे एक दिवस चंदनबाला मॅडम आल्या. त्या कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायच्या, पण त्यांच्या टेबलावर एकही परीक्षानळी नसायची. अणू एकमेकांना कसे धरतात, किती जोरात धरतात आणि कधी सोडतात हे त्या कागदावर आणि संगणकावर गणित करून शोधायच्या. असं काम करणाऱ्या मुलांना कुणी बक्षीस देत नाही, कारण दाखवायला धूर नसतो आणि रंगही नसतो, असं त्यांचं म्हणणं होतं. म्हणून त्यांना एक ढाल हवी होती. त्यांनी कागदावर सहा बाजूंची एक आकृती काढून दिली. सहा अणूंचं कडं होतं ते.

रायगोंडांनी कागद उलटासुलटा करून पाहिला आणि विचारलं, "आक्का, नट कितीचा करू?"

कुपवाडमध्ये सहा बाजू म्हणजे नटच. मॅडम समजावून सांगेपर्यंत साचा तयार झाला होता आणि आतल्या बाजूला आटेही पडले होते. मॅडम खूप हसल्या आणि राहू द्या म्हणाल्या. म्हणून माझ्या छातीवर आजही एक आटे असलेलं कडं आहे. बोल्ट असेल तर नीट बसेल.

पट्टी १

पहिला मान श्रेयस नावाच्या मुलाला मिळाला. नाव कोरायला रायगोंडा छिन्नी घेऊन सभेला आले, तेव्हा मॅडमनी त्यांना थांबवलं. उत्तर सापडतं त्या दिवशी सगळ्यांनाच बरोबर वाटतं, असं त्या म्हणाल्या. त्यांनी नियम केला. ढाल वर्षभर घरी न्यायची. पुढच्या जानेवारीत ती परत आणायची आणि सगळ्यांसमोर उभं राहायचं. मॅडम एकच प्रश्न विचारणार: "टिकलंय का?" गणित तोवर टिकलं असेल तरच नाव कोरायचं. टिकलं नसेल तर ती जागा रिकामी राहील.

श्रेयस वर्षाने आला आणि म्हणाला, "टिकलंय." छिन्नी चालली. मला गुदगुल्या झाल्या.

पट्ट्या २ ते ११

टिकलंय. टिकलंय. टिकलंय. दहा वर्षं हेच. मी मिरजेच्या एका माडीवर राहिले, साताऱ्याच्या एका फ्लॅटमध्ये राहिले. कराडला एका घरात माझ्यावर टॉवेल वाळत घालायचे. मॅडम निवृत्त झाल्या, तरी जानेवारीला येत राहिल्या. प्रश्न विचारता विचारता त्या घड्याळाकडे पाहू लागल्या आणि उत्तर देणारे चहाकडे. खरं सांगते, मलाही तो प्रश्न म्हणजे रीत वाटू लागला होता.

पट्टी १२

बारावा मान शिराळ्याजवळच्या एका गावातल्या राजनंदिनीला मिळाला. तिचे वडील नाथाजी फौजेतून हवालदार म्हणून परत आलेले, आता स्वतःचा ऊस पाहणारे. मला कॉलेजातून न्यायला ते स्वतः आले होते. घरी जाईपर्यंत त्यांनी मला मांडीवर धरून ठेवलं. मोटारसायकल पोरगी चालवत होती.

राजनंदिनीचं गणित उसाचं होतं. ऊस तोडला की त्याच्यातलाच एक विकर साखरेचे दोन तुकडे करायला लागतो. ट्रॉली साखर कारखान्याच्या दारात नंबर लावून उभी राहिली की तासातासाला गोडी कमी होते. हा विकर म्हणजे कात्रीसारखा एक मोठा रेणू. त्या कात्रीत अडकून बसेल असा एक छोटा रेणू राजनंदिनीने संगणकावर शोधला होता. तो घट्ट बसतो आणि दोन दिवस सुटत नाही, असं तिचं गणित सांगत होतं.

घरात माझी पूजा झाली. हळदीकुंकू लागलं. राजनंदिनीची आई अंजना मला रोज ओल्या फडक्याने पुसायची आणि नवऱ्याला म्हणायची, "आवं, जरा लांबनं दाखवा, बोटं उठत्यात." नाथाजींनी रिकाम्या जागेवर बोट ठेवून अख्ख्या गावाला सांगितलं होतं, की इथं पोरीचं नाव येणार, आणि त्याच्यापुढे बापाचं. आमच्या घरातलं नाव आजवर फक्त सातबाऱ्यावर आणि पलटणीच्या रजिस्टरात होतं, असं ते म्हणायचे. आता पितळेवर येणार होतं. मार्चमध्ये गावच्या शाळेत सत्कार ठरला.

सत्काराच्या चार दिवस आधी राजनंदिनी माझ्यासमोर उभी राहून भाषण म्हणून पाहत होती. नाथाजी कांदा फोडत ऐकत होते.

"नंदे, त्ये दोनशे अठ्ठ्याण्णव काय म्हणालीस?"

"तापमान आहे, तात्या. आमच्यात तसं मोजतात. आपले पंचवीस अंश."

"पंचवीस?" नाथाजी हसले. "कुठला ऊस पंचवीसला असतोय गं? ट्रॉलीत हात घालून बघितलायस का कवा?"

मित्रांनो, त्या क्षणी माझी फळी अक्षरशः करकरली. मला हे बावीस हंगाम माहीत होतं. रचलेला ऊस पोटातून तापतो. मला तोंड असतं तर मी जानेवारीतच सांगितलं असतं. पण ज्याने सांगायला हवं होतं त्याला कुणी विचारलं नव्हतं, आणि पुस्तकात सगळं पंचवीस अंशांवरच मोजलेलं असतं.

भर दुपारी दोघं रस्त्यावर उभ्या असलेल्या ट्रॉलीपाशी गेली. राजनंदिनीने मोळ्यांच्या मध्ये कोपरापर्यंत हात घातला. मग घरातून तापमापक आणून आत खुपसला. त्रेचाळीस.

ती त्याच दिवशी सांगलीला गेली. नऊ दिवस संगणक चालत राहिला. त्रेचाळीस अंशांना तो छोटा रेणू हलू लागला, त्याने कात्रीतून एक पाय काढला आणि तो निघून गेला. तिने आणखी दोनदा करून पाहिलं. तो दोन्ही वेळा निघून गेला.

सत्कार रद्द झाला. शाळेत परीक्षा आहेत, असं नाथाजींनी गावाला सांगितलं. शाळेत परीक्षा नव्हत्या. मला त्यांनी फौजेतल्या घोंगडीत गुंडाळून कपाटावर ठेवलं. दहा महिने मी तिथे होते. अंधार होता, ऊब होती आणि खाली काय चाललंय ते ऐकू येत होतं.

नाथाजी आपल्यावरच चिडले होते. मी उगाच तोंड घातलं, असं ते अंजनाला सांगायचे. एकदा पोरीलाही म्हणाले, की त्या सभेत ट्रॉलीत हात घातलेला कुणी नसणार, एकच शब्द म्हणायचा आहे, म्हणून टाक. तिचं नाव, तिच्या वडिलांचं नाव, सगळं त्या एका शब्दावर होतं. मी तो शब्द अकरा वेळा ऐकला होता. किती हलका असतो तो, मला माहीत होतं.

सभा

जानेवारीत घोंगडी सुटली. कॉलेजात बारा-पंधरा माणसं होती. रायगोंडा पट्टी आणि छिन्नी घेऊन बसले होते. नाथाजी शेवटच्या बाकावर, इस्त्रीच्या शर्टात.

मॅडमनी घड्याळाकडे पाहत विचारलं, "टिकलंय का?"

"पंचवीसला टिकलंय," राजनंदिनी म्हणाली. "त्रेचाळीसला नाही."

चहाचे कप थांबले. तिने सगळं सांगितलं. ट्रॉली, हात, नऊ दिवस. मग विभागातले एक सर म्हणाले, की गणितात चूक नाही, जगभर पंचवीसलाच मोजतात, नाव कोरायला हरकत नसावी. दोघातिघांनी माना हलवल्या. नाथाजी बाकावर पुढे सरकले. बघा मित्रांनो, तिला खोटंही बोलावं लागणार नव्हतं. नुसतं गप्प राहायचं होतं.

मॅडमनी घड्याळावरून नजर काढली. "तू कोणत्या उसासाठी केलं होतंस?"

"ट्रॉलीतल्या."

"मग?"

राजनंदिनीने मागे वडिलांकडे पाहिलं. "मग नको," ती म्हणाली.

रायगोंडांनी छिन्नी पिशवीत घातली. पट्टीही घालणार, तेवढ्यात मागून नाथाजी उठले. मला वाटलं, आता रागावून निघून जाणार. ते पुढे आले आणि त्यांनी माझ्या रिकाम्या जागेवर बोट ठेवलं. गावाला दाखवायचे तसंच.

"नाव नका घालू," ते म्हणाले. "पर पट्टी लावा. रिकामी जागा म्हंजी त्या साली कुणी नव्हतंच असं वाटतंय. हिनं वर्षभर वझं वाह्यलंय."

कुणीतरी नियमाचं बोलायला लागलं. मॅडम म्हणाल्या, नियम माझाच आहे. आणि रायगोंडांकडे वळल्या, "लावा." रायगोंडांनी स्क्रू पिळता पिळता नाथाजींना विचारलं, की चूक तर तुमी धरली, मग तुमचं नाव कोरू का? नाथाजी म्हणाले, "माझं कशाला, ट्रॉलीचं कोरा." तेव्हा राजनंदिनी वर्षात पहिल्यांदा मोठ्याने हसली.

अशी माझी बारावी पट्टी आली. तिच्यावर हे लिहिलेलं आहे:

[          ]

पट्ट्या १३, १४, १५

राजनंदिनी आता पुण्याला दुसरा रेणू शोधते आहे. तिच्या टेबलावर तापमापक असतो, असं ऐकते. तो सापडला की नाही, मला माहीत नाही.

माझ्यापुरतं एवढं बदललं की आता प्रश्न विचारला की उत्तर लगेच येत नाही. उभा राहिलेला मुलगा किंवा मुलगी आधी माझ्याकडे पाहते, बाराव्या जागेवर थांबते, मग बोलते. चौदाव्या वर्षी एकाने पंधरा दिवसांची मुदत मागून घेतली होती. ते पंधरा दिवस मी त्या खिळ्यावर फार सुखात काढले.

मित्रांनो, तुमच्याही शाळेत एखादी फिरती ढाल असेल. तिला पुसत जा. नुसती चकाकी यावी म्हणून नाही. पुसताना माणूस एकेक पट्टी वाचतो, म्हणून. आणि एखादी कोरी सापडली तर ती राहून गेली असं समजू नका, कुणाला तरी विचारा.

माझ्याकडे दर जानेवारीला नाथाजी येतात. पिशवीत लिंबू, मीठ आणि जुन्या धोतराचं फडकं असतं. ते बाराव्या पट्टीपासून सुरुवात करतात आणि बाकीच्या मग पुसतात. यंदा नवीन आलेल्या शिपायाने त्यांना विचारलं, की काका, यावर तर काहीच न्हाई, ही कुणाची?

नाथाजींनी फडकं न थांबवता सांगितलं, "आमच्या पोरीची हाय."