महिपतीअण्णाने सांगितलेले सिनेमे

कतारमधल्या मसाईदच्या कॅम्पात मी वेल्डर होतो. कंपनी इटालियन. दर शुक्रवारी दुपारी मेसच्या खिडक्यांना ब्लँकेटं लावून सिनेमा दाखवत. बहुतेक साल्वो मरिनी नावाच्या नटाचे. मोडलेलं नाक, आखूड मान. आमच्यातलाच वाटायचा. १९७६ साली पहिल्यांदा पाहिला तेव्हा तो गोदीत हमाल होता. मग खाणकामगार झाला, मग तुरुंगातून सुटलेला कैदी. दर सिनेमात मार खायचा.

भाषा कुणालाच कळत नसे. पडद्यावर खाली इंग्रजी अक्षरं यायची, ती फक्त महिपतीअण्णाला वाचता यायची. तो माझ्याच तालुक्यातला. त्यानेच मला कतारला आणलं. तो मोठ्याने गोष्ट सांगायचा.

"यल्ला अण्णा, सांग लवकर, मरिनी बोलून थांबला!" पोरं ओरडायची.

"सबूर! त्याला पगार जास्त आहे, माझ्याआधी बोलणारच."

माझ्या घरून आलेल्या इंग्रजी ताराही अण्णाच वाचायचा.

१९८३च्या मार्चमध्ये प्लँट बंद ठेवून दुरुस्ती चालली होती. तेव्हा तार आली. "अंजनाला ताप होता, उतरलाय," अण्णा म्हणाला. बारा दिवसांनी दुसरी आली. ती वाचताना तो रडला. मी गावी पोचलो तोवर माझ्या बायकोचा दहावाही झाला होता. इकडे कॅम्पात दुरुस्ती वेळेत संपली आणि अण्णा चार्जहँड, म्हणजे आमच्या टोळीचा मुकादम झाला.

दोन वर्षांनी आमच्या श्यामसाहेबांच्या दोह्यातल्या घरी गेट जोडायला गेलो. आत व्हिडिओवर मरिनीचा खाणीचा सिनेमा चालला होता.

"हा पाहिलाय मी," मी म्हणालो. "शेवटी बायको माहेरी जाते."

"माहेरी कुठली?" साहेबांच्या बायको शैलजावहिनी म्हणाल्या. "मेली ती. दवाखान्यातून लिहीत होती, लवकर या म्हणून."

पडद्यावर रिकामी खाट होती. ती मी कॅम्पातही पाहिली होती.

घरून आलेला कागद मी टाकत नसे. दुसऱ्या दिवशी ट्रंकेतली पहिली तार वहिनींकडे नेली. त्यांनी वाचली आणि आधी मला खुर्ची दिली.

"अंजना सीरियस. ताबडतोब निघ."

कॅम्पात परतून मी ती तार अण्णापुढे धरली. त्याने नाकारलं नाही. "वाचेल असं वाटलं रे रंगनाथ. तू गेला असतास तर काम अडलं असतं. साहेबाला शब्द दिला होता मी."

"आणि सिनेमातली?"

"सगळी माणसं घर सोडून आलेली. मेली म्हणून कसं सांगू?"

शुक्रवारी मरिनीचा नवा सिनेमा लागला. केस पिकले होते, आता तो म्हातारा पहारेकरी झाला होता. एकटाच टेबलाशी बसून दोन ताटं मांडत होता.

अण्णाने सुरुवात केली, "बायको बाजारात गेलीय, येईल आता..."

मी उभा राहिलो. "अण्णा, खाली काय लिहिलंय तेच वाच."



मागून आमच्या टोळीतला जालिंदर म्हणाला, "अरे, पुढं काय?"

कुणी काही सांगितलं नाही. मरिनीने दुसरं ताट उचलून परत फळीवर ठेवलं. मी उभ्यानेच बघत राहिलो. मला सगळं कळत होतं.