डिकीत राहिलेला निकाल

मी एका निकालाची नक्कल. अकरा पानं, खाली गोल शिक्का, आणि पाठीवर तीन तारखा: नकलेचा अर्ज कधी आला, मी तयार कधी झाले, हातात कधी पडले.

माझ्यावर एका विहिरीचं भांडण लिहिलंय. गणपतराव आणि त्यांच्या धाकट्या भावानं ती मिळून खणली. चार दिवस पाणी एकाला, तीन दिवस दुसऱ्याला, सगळं तोंडी. धाकटा भाऊ वारल्यावर गणपतरावांनी भावजयीची, चिमणाबाईंची पाळी अडवली. त्या कोर्टात गेल्या. दावा चालू होता तोवर कोर्टाच्या तात्पुरत्या हुकुमावर चिमणाबाईंची मोटार चालली. नऊ वर्षांनी 'पाण्याचा हक्क शाबीत झाला नाही' म्हणून दावा फेटाळला गेला आणि मोटार थांबली.

मला न्यायला चिमणाबाईंचा मुलगा आदर्श आला. तो एमआयडीसीतल्या कारखान्यात कामाला. त्यानं सही केली, फक्त शेवटचं पान पाहिलं आणि मला स्कूटरच्या डिकीत, रेनकोटखाली सारलं.

जिल्हा कोर्टात अपील करायला तीस दिवस मिळतात. नक्कल तयार होण्यात गेलेले दिवस त्यात धरत नाहीत. पण मी आता तयार होते. आता एकेक दिवस धरला जात होता.

रोज संध्याकाळी चिमणाबाईंचा आवाज यायचा.

"नक्कल आली का रं?"

"न्हाय आई. कोर्टात गर्दी हाय."

डिकी उघडायची, जेवणाचा डबा निघायचा, डिकी मिटायची. वीस दिवस झाले, पंचवीस झाले. वैरण वाळली, म्हशी आटल्या, असं त्या शेजारणीला सांगताना मला ऐकू यायचं.

सत्ताविसाव्या दिवशी त्या थेट गाडीपाशी आल्या.

"डिकी उघड. आज कोर्टात गेलते मी. नक्कल कवाच दिलीया म्हणं. सही तुझी हाय."

आदर्शची मान खाली गेली. "तारखा करून करून नऊ वर्सं गेली, आई. वाटलं, मुदत संपली की भांडणबी संपंल."

"आन् पाणी कुठनं आणू?" त्या गोठ्याच्या कट्ट्यावर बसल्या. "वाच. पयल्यापासनं वाच."

सातव्या पानावर त्यांनी त्याला थांबवलं. विहिरीत सुरुंग लावणारे कुतुबुद्दीनभाई साक्षीला आले होते. विहीर दोघा भावांची, असं त्यांनी तासभर उभं राहून सांगितलं होतं. माझ्यावर त्यांची एकच ओळ होती.

"म्हाताऱ्यानं एवढं सांगितलं, आन् एवढंच लिवलंय?"

आदर्शनं ते पान पुन्हा वाचलं, या वेळी मनातल्या मनात. मग म्हणाला, "उद्या सुट्टी टाकतो."

शाहूपुरीतल्या वकील संयोगिताताईंनी मला आधी पालथं केलं. तारखांवरून बोट फिरवलं.

"दोनच दिवस उरलेत. मुदत गेली असती तर उशीर का झाला, हेच आधी पटवावं लागलं असतं. आणि कुतुबुद्दीनभाईंचा हा जबाब कोर्टानं नीट विचारात घेतलेला नाही. हाच मुद्दा घेऊ."

दुसऱ्या दिवशी अपील दाखल झालं. आता मी जिल्हा कोर्टात एका फाइलीत बांधलेली आहे. तूर्त पाणी मिळावं, या अर्जावर सुनावणी व्हायची आहे. मोटार बंदच आहे. फाइलीची दोरी सुटली की वाटतं, आज सुनावणी.

तुमच्या घरी माझ्यासारखा कागद आला तर त्याच दिवशी सगळ्यांना वाचून दाखवा. मानायचा की लढायचं, ते मग ठरवा. माझ्या शेवटच्या पानावर न्यायाधीशांची सही आहे. तरी तो निकाल फिरावा, असं मलाच वाटतं.