साळुबाईची जागा

सोपानरावांनी छापखान्यातून आलेलं प्रूफ उघडलं आणि चौथ्या पानावरची तांबडी रेघ पाहून चष्मा काढून ठेवला. तिसऱ्यांदा तेच वाक्य उडवलं होतं. 'ही जागा साळुबाई नावाच्या विधवेची होती.' समासात बॉलपेनने लिहिलं होतं, 'जागा मा. चेअरमन यांच्या आजोबांनी दिली, असे घ्यावे.'

घोडकाठ शेतकरी संघाच्या इमारतीला पंच्याहत्तर वर्षं होत होती. मंचरच्या पेठेत, काळ्या दगडाची, दुमजली. खाली खत-बियाण्यांचं दुकान, वर कचेरी. सोपानरावांनी तिथं बत्तीस वर्षं नोकरी केली होती. रिटायर झाल्यावर सात वर्षांनी, इमारतीचा इतिहास लिहायचं काम त्यांनी आपणहून मागून घेतलं होतं. चार महिने ते माळ्यावरची वाळवी लागलेली दप्तरं चाळत होते. नाकात धूळ जाऊन खोकला जडला होता, आणि हाती काय, तर तांबडी रेघ.

ते प्रूफ घेऊन थेट वर कचेरीत गेले. चेअरमन संपतराव मोबाईलवर कांद्याच्या ट्रकबद्दल बोलत होते. बोलणं संपेपर्यंत सोपानराव उभेच राहिले.

"बसा की भाऊसाहेब."

"तिसऱ्यांदा खोडलंय साहेब. बक्षीसपत्राची झेरॉक्स जोडून दिली होती मी. त्यात तुमच्या आजोबांचं नाव फक्त साक्षीदारात आहे."

संपतरावांनी झेरॉक्स घेतली, लांब धरून वाचली. मग हसले.

"अहो, मग भांडताय कशाला? बक्षीसपत्र बाईचं, म्हणजे बाईनं दान दिलं. दानशूर साळुबाई लिहा. आजोबांचं नाव सोडून द्या. आजकाल बाईचं नाव असलेलं बरंच दिसतं."

"दान नव्हतं ते."

"मग काय होतं?"

सोपानरावांनी झेरॉक्स परत घेऊन प्रूफात ठेवली. संपतरावांचा मोबाईल पुन्हा वाजला.

काय होतं, ते त्यांना सतरा वर्षांपासून माहीत होतं. त्यांचे वडील गेणभाऊ या संघाचे पहिले कारकून. शेवटच्या आजारपणात एका दुपारी त्यांनी पोराला जवळ बोलावून घेतलं होतं. "साळूला मी वाचून दाखवलं ते एक, आन लिहिलं व्हतं ते दुसरं," ते म्हणाले होते. "तिला वाटलं, संघाकडनं पेरणीला बी मिळतंय, त्याचा कागद हाय. पंचांनी सांगितलं, मी केलं." एवढं बोलून त्यांनी भिंतीकडे तोंड केलं होतं. सोपानरावांनी हे बायकोलासुद्धा सांगितलं नव्हतं. इतिहास लिहायचं काम मागितलं ते त्याचसाठी. वडलांचं नाव घालायचं की नाही, तेवढं मात्र अजून ठरत नव्हतं.

नवऱ्यामागे राहती जागा गेल्यावर साळुबाई पोरीला घेऊन माहेरी, बोरी बुद्रुकला गेली होती. ती पोरगी, धोंडाबाई, अजून आहे, असं कळलं होतं. दुसऱ्या दिवशी सोपानरावांनी आळेफाट्याची एसटी धरली. हायवेवर टेम्पो उलटला होता. बटाट्याच्या गोण्या उचलून होईपर्यंत गाडी तासभर जागची हलली नाही. त्या तासात त्यांनी सांगायचं वाक्य चार वेळा मनात जुळवलं आणि चार वेळा मोडलं.

धोंडाबाई ओट्यावर बसून भुईमुगाच्या शेंगा फोडत होत्या. वय ऐंशीच्या पुढे. नातसून अश्विनीने सतरंजी टाकली, पाणी दिलं.

"मंचरच्या संघातून आलोय, आजी. इमारतीचं पुस्तक निघतंय. त्यात तुमच्या आईचा विषय आहे."

धोंडाबाईंचे हात थांबले.

"आयचं नाव येनार व्हय त्यात?"

"येणार. पण काय म्हणून यायचं, ते विचारायला आलोय. चेअरमन म्हणतात, साळुबाईंनी जागा दान दिली असं लिहा."

"दान," धोंडाबाई म्हणाल्या. मग नातसुनेकडे वळल्या. "आयकलं का गं? दान दिली म्हनत्यात."

अश्विनी दाराच्या चौकटीला टेकून उभी होती. "काका, गावात आमाला अजून बोलत्यात," ती म्हणाली. "अंगठा दिऊन घर घालवलं त्यांच्यातली ही, असं. आजीच्या आईला तर समदे येडी साळूच म्हनायचे. लग्नात रुसवा-फुगवा झाला तरी तेच काढत्यात."

"पण तसं झालं नव्हतं," सोपानराव म्हणाले. "त्या येड्या नव्हत्या. त्यांना फसवलं होतं. तेच लिहायचं म्हणतोय मी."

"फसली म्हंजी येडीच की," धोंडाबाई शांतपणे म्हणाल्या. "ते समद्यांना ठाव हाय. ते छापून काय करायचं?"

"आजी, तो कागद ज्यांनी लिहिला होता ना, ते..."

"फोटो लागंल का?" धोंडाबाईंनी मध्येच विचारलं. "आयचा फोटो न्हाई. कुनी काढलाच न्हाई."

सोपानरावांनी मान हलवली. फोटो लागणार नाही. अश्विनीने चहा आणला. बशीत ओतलेला चहा त्यांनी बराच वेळ हातात धरून ठेवला. मनात जुळवलेलं वाक्य तिथंच राहिलं, आणि उठताना त्यांना जाणवलं की आपल्याला थोडं हलकं वाटतंय. त्याचा त्यांना राग आला. परतीच्या गाडीत शेजारच्या माणसाने दोनदा वेळ विचारली. त्यांनी दोन्ही वेळा चुकीची सांगितली.

चौथं पान नव्याने लिहायला बसले, तर 'दानशूर' हा शब्द काही केल्या उमटेना. चार कागद फाडले. शेवटी त्यांनी दस्तातली ओळच जशीच्या तशी उतरवून काढली. तांबडी रेघ आली नाही. "जमलं की भाऊसाहेब," संपतराव म्हणाले.

समारंभाला धोंडाबाई बोरीच्या चार माणसांबरोबर जीपने आल्या. नवं लुगडं, अंगावर संघाने दिलेली शाल. दोन आमदार बोलले, संपतराव बोलले, मग सगळे जेवायला गेले. मांडवात खुर्च्या उचलायचा आवाज सुरू झाला. धोंडाबाई पुस्तक मांडीवर घेऊन बसूनच होत्या. अश्विनी त्यांचं ताट आणायला गेली होती. सोपानराव जवळून जाताना त्यांनी हाताने बोलावलं.

"आयचं कुठं हाय, ते वाचा."

ते शेजारच्या खुर्चीवर बसले. चौथं पान काढलं.

"'मौजे मंचर येथील साळुबाई यांनी आपल्या मालकीची जागा राजीखुशीने, कोणाच्याही दडपणाशिवाय संघास दिली.'"

"राजीखुशीनं म्हंजी?"

"म्हणजे," सोपानराव थांबले. ही ओळ त्यांच्या वडलांची होती. "आपल्या मनानं. आनंदानं."

धोंडाबाईंनी त्या ओळीवर बोट ठेवलं. ओळ डावीकडून सुरू होते की उजवीकडून, हे त्यांना ठाऊक नव्हतं. बोट मधेच कुठंतरी टेकलं.

"त्या दिशी मी व्हते संगं," त्या म्हणाल्या. "अंगठा कशावर दिला ते कळलं, आन घरी यीस्तवर आय रडत व्हती. पेठंतून, समद्यांच्या देखत."

सोपानरावांनी चष्मा काढला.

"पुन्यांदा वाचा," धोंडाबाई म्हणाल्या. "जरा मोठ्यानं. तिकडं बोरीची मान्सं जेवाय बसल्यात."

सोपानरावांनी चष्मा पुसला, घसा खाकरला, आणि वाचायला सुरुवात केली.