चौघांचा भात

शनिवारी संध्याकाळी फोन आला तेव्हा रेमेई वामीचे तुकडे करत बसली होती. फोन पास्कालने घेतला. पास्काल तिचा नवरा. खानावळीत वाढायचं, गिऱ्हाइकांशी गोड बोलायचं आणि कुणाशी भांडायचं नाही, ही तिन्ही कामं त्याच्याकडे होती. बराच वेळ नुसतं "हो, हो" करून त्याने फोन ठेवला आणि स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभा राहिला.

"उद्या दुपारी चौघांचा भात सांगितलाय. पाण्याकडचं टेबल."

"कुणी?"

"तोनिका आत्यानं. पण येणार आहेत बाबा."

रेमेईची सुरी थांबली. वाम मेली तरी वळवळते. तिने ती वळवळ संपेपर्यंत वाट पाहिली.

कालव्याच्या पलीकडच्या काठावर तिच्या बाबांचं घर होतं आणि घराखाली त्यांची खानावळ, आता कुलूपबंद. सारं एल पालमार गाव त्यांना सेंतोकाका म्हणे. उभा जन्म त्यांनी चुलीपुढे काढला होता. शहरातली माणसं रविवारी गाड्या काढून आल्बुफेरा तळ्याच्या काठी यायची ती त्यांच्या हातच्या पाएयासाठी, पसरट कढईतल्या त्या भातासाठी. रेमेई त्याच खानावळीत मागच्या बाजूला छोट्या बशांचं बघायची. तळलेली माकुलं, शिणाणे, भाजलेल्या लाल मिरच्यांत कुस्करलेला खारवलेला मासा, लसणाच्या रश्शातली वाम. लोक बोटं चाटायचे. पण चुलीजवळ जायचं नाही. चूल पुरुषांची, बायका आत, असं त्या घरात कुणी कधी ठरवलं नव्हतं. ते आधीपासून ठरलेलंच होतं.

सेंतोकाकांचे गुडघे गेले तेव्हा त्यांनी खानावळीला कुलूप लावलं आणि चिमोची वाट पाहत बसले. चिमो रेमेईचा भाऊ. माद्रिदला विमा विकायचा. पाव भाजायला ठेवला की शेजाऱ्यांनी खिडक्या लावून घ्याव्यात, अशी त्याची पाककला. पण मुलगा तो मुलगा. चिमो आला नाही, आणि शेवटी रेमेईने कालव्याच्या अलीकडे एक पडकी होडीशाळा भाड्याने घेतली, तिथे चूल मांडली आणि बाहेर पाण्यावर टेबलं टाकली. बाबा काही बोलले नाहीत. नुसते पुलावर आले नाहीत. तो पूल ओलांडायला एक संत्रं सोलण्याइतका वेळ लागतो. त्यांना वर्ष उलटलं तरी जमलं नाही.

ते येईनात म्हणून गावही येईना. भेटल्यावर सगळे म्हणत, "येऊ हं रेमेई, येऊ एकदा," आणि रविवारी दुसरीकडे जेवत. तिच्याकडे यायचे परदेशी पाहुणे. ते दुपारी खायचा पाएया रात्री मागत, वर त्यात लाल सॉसेज घालाल का विचारत. पास्काल हसून नाही म्हणायचा. रेमेई आत जाऊन भिंतीशी बोलायची. पोट चाललं होतं. पण जिथे रविवारी दुपारी गावातलं एकही कुटुंब बसत नाही, ती भाताची खानावळ म्हणजे घंटा नसलेलं चर्च.

"चौघं कोण कोण?" तिने विचारलं.

"बाबा, आत्या, बतिस्तेकाका. चौथ्याचं नाव नाही सांगितलं."

सांगायची गरज नव्हती. "चिमो येतोय," ती म्हणाली. "त्याला आणतायत बाबा. माझ्या भाताला नावं ठेवायची आणि त्याच्या हातात किल्ली द्यायची. साक्षीला बतिस्तेकाका."

"कदाचित जेवायला येत असतील," पास्काल म्हणाला.

"तू वामी धू."

रविवारी दुपारी ते पुलावरून आले. सेंतोकाकांनी मयताला जाताना घालायचा काळा कोट घातला होता. काठी टेकत, मधे थांबत, जणू पूलच कुणीतरी लांब करून ठेवलाय अशा चेहऱ्याने. त्यांच्या हाताला त्यांची थोरली बहीण तोनिका. वय झालं तरी जिभेचे गुडघे शाबूत. मागे पत्त्यांच्या डावातले जोडीदार बतिस्तेकाका, आधीच भुकेले. पलीकडच्या काठावरच्या गच्च्यांवर एकाएकी सगळ्यांना कपडे वाळत घालायचे आठवले.

"काय बघतायत सगळे," तोनिका आत्या म्हणाली. "यांना वाटतं पोपच आलाय. सेंतो, आशीर्वाद दे जरा."

"बस खाली," सेंतोकाका म्हणाले.

चौघांसाठी मांडलेल्या टेबलाशी तिघं बसले. रेमेई पदराला हात पुसावा तसा ॲप्रनला हात पुसत बाहेर आली. बाबांनी तिच्याकडे पाहिलं नाही, चुलीकडे पाहिलं.

"मला ताटली लागेल," ते म्हणाले. "आणि काटा."

बतिस्तेकाका खोकले. या गावात पाएया ताटलीत घेऊन खातं कोण? मोठी पसरट कढई मधोमध ठेवायची, प्रत्येकाने लाकडी चमच्याने आपल्या समोरचा त्रिकोण खायचा आणि शेजाऱ्याच्या हद्दीत शिरायचं नाही. ताटली मागतो तो परका. रेमेईने स्वतःच ताटली आणली आणि बाबांसमोर ठेवली. आवाज न करता ठेवली, याचं तिला नंतर फार बरं वाटलं.

छोट्या बशा आल्या आणि गेल्या. सेंतोकाकांनी माकूल खाल्लं, वामीचा रस्सा पावाने पुसून घेतला, मिरच्यांची बशी स्वतःकडे ओढली. "हे तुला येतंच," ते म्हणाले. म्हणजे हा निकाल नव्हता.

चुलीवर कढईत कोंबडी आणि ससा लाल होऊन वर घेवडा आणि पांढरे वाल पडले होते. टोमॅटो आटला, पाणी ओतून झालं, केशर पडलं, रोझमेरीची काडी बुडाली. आता फक्त तांदूळ. आणि इथला नियम असा की माणसं बसल्याशिवाय तांदूळ टाकायचा नाही; शिजलेला भात कुणासाठी थांबत नसतो. पास्काल टेबलापाशी गेला.

"चौथे आले की टाकू का, बाबा?"

"टाक म्हणावं. येणारा येईल."

रेमेईने ते ऐकलं. चिमोची गाडी अजून रस्त्यात असणार, नेहमीसारखी. तिने कढईत आडवी तांदळाची रेघ ओढली, ती कढईभर पसरून सारखी केली आणि पळी खुंटीला अडकवली. इथून पुढे ढवळणं नाही. झाकण नाही. देव आणि लाकूड.

आणि तेव्हाच वारा फिरला.

सकाळपासून तो जमिनीकडून येत होता, कोरडा. आता समुद्राकडून वळला, ओलसर, तळ्यावरून सरळ होडीशाळेच्या उघड्या तोंडात. ज्वाळा एका बाजूला झुकल्या. कढईच्या एका अंगाला भात खदखदायला लागला आणि समुद्राकडच्या अंगाला पाणी नुसतंच बसून राहिलं, पाहुण्यांसारखं. मागे खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. वळून न बघता तिला कळलं की बाबांनी धूर पाहिलाय.

अशा वेळी गावातले पुरुष काय करतात ते तिला माहीत होतं. कढईचे कान धरतात आणि ती फिरवतात. पाणी हिंदकळतं, तांदूळ एका कडेला घसरतो, आणि मग जेवताना सगळे लाकडाला दोष देतात. बाबांनीही एकदा फिरवली होती. पूर्ण आठवडाभर ते लाकूडवाल्याशी बोलले नव्हते.

तिने कढईला हात लावला नाही. लांब दांड्याचं खोरं उचललं, गुडघ्यांवर बसली आणि विस्तवच हलवला. वाऱ्याआडचे निखारे ओढून समुद्राच्या बाजूला नेले, थोडेथोडे, अंगणातली पानं लोटावीत तसे. पास्काल भिंतीला टेकवलेली जुनी फळी घेऊन वाऱ्याच्या तोंडाशी उभा राहिला, न सांगता. धूर त्याच्या डोळ्यांत जात होता. तो रडत होता आणि गिऱ्हाइकांकडे बघून हसतही होता.

मग रेमेई कान खाली नेऊन ऐकायला लागली.

"बायकांना भात ऐकू येत नाही," बाबा नेहमी म्हणायचे, "त्या बोलत असतात." पण मागच्या स्वयंपाकघरात ती आणि चूल यांच्यात एकच पातळ भिंत होती. माकुलं तळता तळता, वर्षानुवर्षं, तिने पलीकडचा भात ऐकला होता. आधी पाण्याची बडबड, मग जाड बुडबुडे, मग एक शांतता, आणि त्या शांततेच्या तळातून येणारी बारीक चुरचूर. ती चुरचूर म्हणजे तळाशी हवी ती खरपूस खरवड धरतेय. बाबा कढई उतरवायचे त्याच्या क्षणभर आधी तिचा हात कपडा शोधायला जायचा. कुणाला हे कधी सांगायचं, आणि कशाला.

चुरचूर आली. समुद्राच्या बाजूलाही आली. तिने कढई उतरवली, वर फडकं टाकलं आणि मुरू दिली.

टेबलावर कढई आली तेव्हा चौथी खुर्ची तशीच रिकामी होती. पास्काल ती ठेवत होता तोच सेंतोकाका म्हणाले, "थांब." त्यांनी एक कान धरला आणि कढई हळूच फिरवली. आणखी थोडी. वारा लागलेली बाजू बरोबर त्यांच्यासमोर आली.

"काय रे," बतिस्तेकाका म्हणाले, "घड्याळ लावतोयस का?"

"ती बाजू मला बघू दे."

तोनिका आत्याने कपाळावर हात मारला. "नावंच ठेवायची होती तर घरी बसून ठेवली असतीस. माझी चप्पल तरी वाचली असती."

रेमेई चुलीपाशी उभी राहिली. काम नव्हतं तरी खोरं हातात होतं. बाबांनी काटा उचलला, त्याच्याकडे पाहिलं आणि खाली ठेवला. लाकडी चमचा घेतला. चमच्याच्या टोकावर थोडा भात घेऊन तो डोळ्यांसमोर धरला. दाणे सुटे होते, एकमेकांची ओळख असलेले पण गळ्यात न पडलेले. त्यांनी घास तोंडात टाकला आणि तळ्याकडे बघत राहिले.

 

मग त्यांनी दुसरा घास घेतला. आणि तिसरा. ताटली त्यांच्या कोपराशी कोरडी पडून होती. ते खात खात त्रिकोणाच्या टोकापर्यंत गेले, सशाचं हाड कडेला ठेवलं, आणि चमचा उभा धरून तळ खरवडायला लागले.

खर्र. खर्र. लाकूड आणि लोखंड. हा आवाज या गावात बाळसुद्धा ओळखतं. चांगल्या भातावरच माणूस इतका झटतो. तो आवाज पाण्यावरून पलीकडे गेला आणि गच्च्यांवरचे कपडे वाळत घालायचे थांबले.

बतिस्तेकाकांनी स्वतःचा वाटा कधीच संपवला होता. त्यांचा चमचा हळूच चौथ्या, अजून न मोडलेल्या त्रिकोणाकडे निघाला. सेंतोकाकांनी आपल्या चमच्याने त्यावर टपली मारली.

"तिकडे नाही."

"अरे, चिमोसाठी किती वेळ ठेवणार? गार होतोय."

"चिमोला कोण बोलवतंय," सेंतोकाका म्हणाले. "त्याला भातातलं काय कळतं. अजून उठलाही नसेल." आणि पहिल्यांदा त्यांनी तिच्याकडे पाहिलं. "रेमे. चौघांचा सांगितला होता ना मी? बस की मग. तुझी बाजू तशीच आहे."

रेमेईला आपल्या बाजूने बरंच काही बोलायचं होतं; वर्षभर भिंतीपाशी त्याची तालीम झाली होती. तिच्या तोंडून निघालं ते एवढंच, "माझ्या अंगाला धुराचा वास येतोय."

"माझ्या अंगाला जन्मभर येतोय. बस."

ती बसली. पास्कालने तिच्या हातातलं खोरं काढून घेऊन चमचा दिला, कारण ती खोऱ्यानेच खायला लागेल असं त्याला वाटलं. आपला भात आपणच शिजवून, गिऱ्हाईक होऊन, पाण्याकाठी बसून खाणं तिला ठाऊक नव्हतं. पहिला घास तिला लागलाच नाही. दुसरा लागला. तिसऱ्याला तिने मान डोलावली, अगदी बाबांसारखी, आणि तळ खरवडायला घेतला.

"लाकूड ओलं आहे तुझं," सेंतोकाका म्हणाले.

"विकतचं आहे. सुकं संत्र्याचं लाकूड या गावात एकाच्याच कोठारात आहे."

"मग मागायचं."

"दिलं असतंत?"

त्यांनी विचार केला. खोटं बोलायची त्यांना सवय नव्हती, म्हणून वेळ लागला. "नाही," ते म्हणाले. "तेव्हा नसतं दिलं. उगाच का सांगू." मग ताटली उचलून पास्कालकडे दिली. "ही ने. धुवायची गरज नाही."

पलीकडच्या गच्चीवरून बेकरीवाल्या फिनेताने हाक घातली. "रेमेई, पुढच्या रविवारी सहाजणांना जागा होईल का गं?"

पास्काल उत्तर द्यायला तोंड उघडणार तेवढ्यात तोनिका आत्याने त्याचा ॲप्रन धरून त्याला मागे ओढलं. "बघावं लागेल," ती पाण्यावरून ओरडली. "गर्दी फार आहे. उद्या येऊन विचार." मग हलक्या आवाजात म्हणाली, "वर्षभर येऊ येऊ करत होती. एक रात्र तरी तळमळू दे."

पुढच्या शनिवारी सकाळी कालव्यातून एक सपाट होडी आली. बतिस्तेकाका बांबू टेकत होते आणि धापा टाकत होते. होडी संत्र्याच्या लाकडाने काठोकाठ भरलेली, चांगलं मुरलेलं, हलकं झालेलं लाकूड, आणि त्या ढिगाच्या माथ्यावर काळा कोट घालून सेंतोकाका बसलेले. दोन्ही काठांवर माणसं जमली होती. कुणीतरी टोपी काढली.

"पुलावरून यायचं की बाबा," रेमेई धक्क्यावरून म्हणाली. "पडला असता म्हणजे?"

"लाकूड एकटं पाठवत नसतात."

तिने त्यांना उतरवून घ्यायला हात पुढे केला. त्यांनी त्या हातात आधी एक ओंडका दिला. तिने तो बोटांनी वाजवून पाहिला, खणखणीत होता. मग दुसऱ्या हाताने तिने बाबांना वर घेतलं.