छातीवरचा हात

मी कॉलर माईक. बोलतोय म्हणणंही धाडसाचंच, कारण मला फक्त ऐकता येतं. नखाएवढा जीव, पाठीला एक चिमटा. तोही आता सैल झालाय.

आधी मी भिंगारमधल्या एका लग्नाच्या शूटिंगवाल्याकडे होतो. नवरदेवांच्या शेरवानीवर बसून त्यांची धडधड ऐकायचो. पुढे धनश्रीताईंनी मला सेकंडहँडच विकत घेतलं. त्या माहितीपट करतात. माणसं, जनावरं, पाखरं जशी आहेत तशी टिपायची, मध्ये पडायचं नाही, हा त्यांचा नियम.

यंदा दिवाळीनंतर आम्ही तिसगावजवळच्या एका वस्तीवर गेलो. घरं ऊसतोडीला निघाली की मागे म्हातारी माणसं, शेळ्या आणि वारा उरतो. त्याचीच फिल्म. ताईंनी मला चांगुणा आजींच्या पदराला, छातीपाशी लावलं.

"आजी, मी इथं नाहीच असं समजा."

"म्होरं उभी हाईस अन् न्हाई कशी समजू? च्या तरी घेतीस का, न्हाई आलेली बाई?"

ट्रकमध्ये पत्रे, भांडी, कोंबड्या चढत होत्या. आजींचा मुलगा बन्सी वरून ओरडत होता. हॉर्न इतका कर्कश की ताईंनी हेडफोन गळ्यात उतरवला आणि कॅमेरा ट्रककडे वळवला. तेवढ्यात आजी घरामागे शेळीपाशी गेल्या. मी पदरावर आहे हे त्या विसरल्या होत्या.

"चंद्रे, लई कळ येती गं छातीत. पार डाव्या हातात उतरती. बन्सीला कळलं तर त्यो जायाचाच न्हाई. तू बोलू नगंस कुनाला."

शेळी बोलली नाही. मीही नाही.

आजी पुढे अंगणात आल्या. ताईंनी कॅमेरा त्यांच्यावर आणला, हेडफोन मात्र गळ्यातच राहिला. ट्रक हलला. त्यांचा तळवा माझ्यावर दाबला गेला, बाहेरचं सगळं बुजलं आणि आतले ठोके तेवढे ऐकू आले. अडखळत, मध्येच एखादा गाळत. की मला तसं वाटलं? माझी वायर जुनी आहे. वाराही होता. माझ्या ऐकण्यावर किती विसंबावं, माझं मलाच ठरवता येत नाही.

आता मी ताईंच्या टेबलावर पडलोय. मी ऐकलेलं सगळं कार्डात आहे. पण ताई आणि त्यांचे संकलक इमॅन्युएल आवाज बंद ठेवून आधी चित्रं बघतात. त्यांची तशी पद्धतच आहे.

"हा शॉट बघ," ताई म्हणाल्या. "छातीवर हात. लेक चाललाय, आणि तोंडातून शब्द नाही. इथंच फिल्म संपवू."

"भारीच! आवाज ऐकायचा का?"

"नंतर बघू रे. नुसती वाऱ्याची खरखर असेल."

मी असा पडलोय. आजी तिकडे चंद्रीबरोबर एकट्या आहेत. ताई, हेडफोन तुमच्या कोपराशी आहे. एकदा कानाला लावा. मी चुकीचं ऐकलं असेन, तर निदान तेवढं तरी मला सांगा.