टकळीचा आवाज

शूटिंगवालीनं कॅमेऱ्याचं शेवटचं कार्ड लॅपटॉपमध्ये सरकवलं आणि हेडफोनच्या वायरीचा गुंता सोडवू लागली. समोर टकळीची आई खुर्चीच्या कडेला टेकली होती. पाण्याच्या रांगेवर तोफगोळा पडला त्याला महिना झाला होता. त्या रांगेत टकळी होती.

"फोटो आहेत घरात," आई म्हणाली. "आवाज कसा होता तेच आठवत नाही, ताई. स्वप्नात येते तीही मुकीच. एखादं वाक्य द्या. भांडतानाचं असलं तरी चालेल."

शूटिंगवाली कार्डावरचा एकेक तुकडा उघडून बघू लागली.

लढाईतही माणसं रोजचं कसं जगतात, हे दाखवायला ती कॅमेरा घेऊन या बाईच्या शिवणाच्या खोलीत जायची. बाहेर धडाधड चालू असताना मान खाली घालून काजं करणारी बाई तिला हवी होती. आणि मध्ये मध्ये ही पोर! नाव वेगळं होतं, पण तोंडाचा पट्टा असा सुटायचा की गल्लीनं टकळीच ठेवलं. "मावशी, कॅमेऱ्यात मी उलटी दिसते का?" "मावशी, भिंत पडली तर तुमचं शूटिंग फुकट?" दृश्य रंगात आलं की हिची लुडबुड ठरलेली. आई डोळे वटारायची, शूटिंगवाली ओठांवर बोट ठेवायची. बाजारात नवी कार्डं मिळेनाशी झाली होती, म्हणून टकळीनं बिघडवलेली दृश्यं ती त्याच संध्याकाळी पुसून टाकायची. एकही राहू दिलं नव्हतं. कामाला मोठी चोख बाई.

आता कार्डावर मशीनची खडखड होती, कात्री होती, लांबचे धमाके होते. दातात दोरा धरलेली टकळीही होती, पण गप्प.

"नाही का कुठे?"

"बघते ना, वहिनी."

एक तुकडा उरला. काम सुरू करण्याआधी शूटिंगवाली मिनिटभर कुणाला बोलू द्यायची नाही. खोलीचा नुसता आवाज टिपून घ्यायची, पुढे दृश्यं जोडताना लागतो म्हणून. त्या दिवशी टकळी कापडाच्या ढिगावर गाल फुगवून बसली होती.

"यात ती आहे," शूटिंगवाली कशीबशी म्हणाली. "पण बोलत नाही. मीच गप्प बसवलं होतं."

आईनं हेडफोन दोन्ही हातांनी कानांवर दाबून धरले. बराच वेळ काही नाही. मग तिची मान ताठ झाली.

"नाक वाजतंय तिचं!" कान झाकलेली माणसं बोलतात तशी ती ओरडूनच बोलली. "सर्दी झाली होती तिला."

शूटिंगवालीनं तोंड उघडलं, तर आईनं ओठांवर बोट ठेवलं.

"शूऽ. आता बोलेल. बोलायच्या आधी असाच श्वास घेते ती."

तुकडा तिथेच संपला. मिनिट भरल्याबरोबर शूटिंगवालीनं बटण दाबलं होतं. पोरगी आता सुरू होणार हे तिला पक्कं ठाऊक होतं.

आईनं हेडफोन काढले नाहीत.

"परत लावा," ती म्हणाली. "आणि या वेळी बंद करू नका, ताई."

शूटिंगवालीनं परत लावलं.